प्रकरण सतरावे : रुमालातला खडा

"शनिवारी ते बंद असेल," शैलजाबाई म्हणाल्या आणि आमटीत पोळी बुडवून पुढं जेवू लागल्या.

विनयने फोनमधून मान वर काढली. बावीस वर्षं तो जर्सी सिटीत राहत होता. नदीपलीकडचं, नाझींनी मारलेल्या ज्यूंचं ते सहा कोनांचं स्मारक त्याने फेरीबोटीतून जाता-येता शंभर वेळा तरी पाहिलं असेल. पाच जणांच्या वेळा जुळवून त्याने कॅलेंडरवर शनिवारी 'होलोकॉस्ट मेमोरियल, सगळे' असं टाइपही करून ठेवलं होतं. आणि आईला या देशात येऊन उणेपुरे पाच आठवडे झाले होते.

तुला कोणी सांगितलं, असं त्याने विचारलं, तर त्या म्हणाल्या, रिबकामावशींनी. रिबकामावशींना जाऊन चाळीस वर्षं झाली होती. रेवदंड्याला शैलजाबाईंच्या माहेराला लागूनच त्यांचं, कोकणातल्या ज्यू कुटुंबाचं, घर. अंगणात तेलाचा घाणा होता, आणि इस्रायल आळीतल्या बाकीच्या घाण्यांसारखा तोही शनिवारी फिरत नसे.

"शनिवारी त्यांचा बैलसुद्धा सुट्टीवर असायचा," शैलजाबाई म्हणाल्या. "मग एवढं मोठं स्मारक उघडं ठेवतील होय?"

रुहीने वेबसाइट उघडून पाहिली. "क्लोज्ड ऑन सॅटरडेज," ती म्हणाली. "आजी वन, बाबा झिरो."

अशी ती सहल रविवारवर गेली.

खरं तर सहल एकट्या रुहीची होती. अकरावीच्या इतिहासाच्या बाईंनी सांगितलं होतं की गाइड घ्यायचा नाही, आपलं आपण हिंडायचं, एका तरी वस्तूपाशी पाय अडला पाहिजे, आणि का अडला ते दोन पानांत लिहायचं. आजीने ते ऐकलं आणि मी येते म्हणाली. आजी निघाली म्हणून सून मालिनी निघाली, आईच्या बीपीची काळजी म्हणून विनय निघाला. विनयची बहीण लतिका आठवड्यासाठी विमानाने नोव्हायहून आली होती, आणि सगळे निघाले असताना लतिका मागं राहिली असं या घरात आजवर झालेलं नाही.

पण घरात त्या आठवड्यात खरा विषय वेगळाच चालला होता. जेवताना, भांडी लावताना, लिफ्टमध्ये, सगळीकडे एकच प्रश्न होता, आई कीर्तनाला उभी राहणार की नाही.

इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या चैत्रगौरीच्या हळदीकुंकवाला कीर्तन ठेवू, अशी मंडळाचा यंदाचा अध्यक्ष शंतनू याची फार इच्छा होती. नाहीतर कॅराओके होतं, आणि गेल्या वर्षीच्या कॅराओकेच्या आठवणी अजून ताज्या होत्या. रविवारी संध्याकाळी सहापर्यंत हो की नाही ते कळवा, एवढं त्याने नम्रपणे सांगून ठेवलं होतं. पंचेचाळीस वर्षांत रायगड जिल्ह्यातलं एकही देऊळ शैलजाबाईंनी कीर्तनाशिवाय सोडलं नव्हतं. त्या उभ्या राहायच्या आणि उजव्या हाताला पेटीवर त्यांचे यजमान विष्णुपंत असायचे. तीन वर्षांपूर्वी विष्णुपंत गेले, आणि त्यानंतर त्या एकदाही नारदाच्या गादीवर उभ्या राहिल्या नाहीत.

लतिकाचं मत होतं, उभं राहायलाच हवं. विनयचं मत होतं, तिला छळू नका. तो हे इतक्या घाईने आणि इतक्या वेळा म्हणे की लतिका म्हणाली, दादा, तुला आईची काळजी आहे की तुझीच कसली आहे. मालिनी या वादात नवऱ्याच्या बाजूने होती, निदान तसं दाखवत होती. सासूबाईंची बॅग उघडताना तळाशी पंच्यात गुंडाळलेल्या चिपळ्या तिने पाहिल्या होत्या. गाणं सोडलेलं माणूस सात समुद्र ओलांडताना चिपळ्या कशाला घेईल? ते तिने कोणालाच सांगितलं नव्हतं. वेळ आली की सांगायचं, म्हणून ते तिने राखून ठेवलं होतं.

शैलजाबाई स्वतः मात्र हो म्हणत नव्हत्या की नाही. कोणी विचारलं की म्हणत, बघू, रविवार आहे अजून.

*

रविवारी सकाळी ग्रोव्ह स्ट्रीटला पाथ ट्रेन पकडली तेव्हा शैलजाबाईंच्या अंगावर नारायणपेठी साडी, त्यावर रुहीचं करड्या रंगाचं हूडी आणि पायात मालिनीचे धावायचे बूट होते. खांद्याला कापडी पिशवी. पिशवीत काय आहे ते त्यांनी कोणाला सांगितलं नव्हतं, आणि कोणी विचारलंही नव्हतं. ते कळलं स्मारकाच्या दारात.

तपासणीच्या यंत्रातून पिशवी पुढं सरकली आणि थांबली. पडद्यावर एक वाटोळी, केसाळ सावली दिसत होती. दारावरचा गार्ड चांगला उंचापुरा, दाढी पिकलेला माणूस. त्याने पडद्याकडे पाहिलं, मग शैलजाबाईंकडे पाहिलं, आणि अत्यंत आदराने विचारलं, की मॅडम, हे काय आहे.

"नारळ," शैलजाबाई म्हणाल्या.

रुहीला धरणी पोटात घेईल तर बरं असं झालं. तिने इंग्रजीत सांगितलं, की इट्स अ कोकोनट, माझी आजी कुठल्याही पवित्र जागी रिकाम्या हाताने जात नाही. लतिका मागून म्हणत होती, आई, अगं, निदान आम्हाला तरी सांगायचं. विनय घड्याळ बघत होता. गार्डने मात्र नारळ दोन्ही हातांनी उचलला, कानाशी नेऊन हलवला, आतलं पाणी वाजलं तसा हसला. खाण्याचं काही वर नेता येत नाही, म्हणाला, जेवणाचे डबे कोटांच्या खोलीत ठेवा, हा मात्र मी इथं सांभाळतो, जाताना घेऊन जा. आणि नारळ त्याने टेबलावर, वॉकीटॉकीच्या शेजारी, शेंडी वर करून उभा ठेवला. शैलजाबाईंनी त्याला हात जोडले. त्यानेही जोडले.

"पुजारी चांगला आहे," त्या जिन्यावर म्हणाल्या.

*

आत रुहीने आजीचा हात धरला होता. ठरवून धरला नव्हता, पण पहिल्या दालनानंतर सोडलाही नाही. पाट्या इंग्रजीत. रुहीचं मराठी घरापुरतं, त्यात असल्या शब्दांना जागा नव्हती. ती सांगे, "आजी, इथं त्या लोकांना सांगितलं की तुम्ही शाळेत येऊ नका." पुढच्या पाटीपाशी, "इथं सांगितलं, दुकान बंद करा." तिसऱ्या पाटीपाशी, "इथं सांगितलं, एक बॅग घ्या." मग तिला शब्द सापडेनात. शैलजाबाई म्हणाल्या, राहू दे, कळतं मला. काचेमागं एक चमचा होता, एक बाहुली होती, आणि एका घराची किल्ली होती. किल्लीपाशी त्या जरा वेळ उभ्या राहिल्या. कुलूप लावून निघालेलं माणूस परत येईन म्हणूनच निघतं, एवढंच म्हणाल्या.

विनय आणि लतिका मागून येत होती. दोघं दोन बाजूंनी चालत होती, आणि तिसऱ्या दालनात पोहोचेपर्यंत नकळत एकमेकांच्या शेजारी आली होती.

पुढं एक पडदा होता. त्यावर एक म्हातारी बाई बोलत होती. ओठांना लाली, गळ्यात मोत्यांची माळ, आणि बोलता बोलता हसत होती. शैलजाबाई बाकावर बसल्या आणि उठेचनात. ही हसत काय सांगते आहे, असं त्यांनी विचारलं. रुहीने तिसऱ्यांदा ऐकल्यावर अडखळत सांगितलं. की ती म्हणते, चाळीस वर्षं मी कोणाला काहीच नाही सांगितलं. मग एका शाळेत बोलावलं. एका मुलीने विचारलं, तुमची आई कुठलं गाणं म्हणायची? बाकी सगळे आई कशी मेली ते विचारायचे. हिने गाणं विचारलं. मग मी म्हणून दाखवलं. तेव्हापासून दर मंगळवारी जाते.

आणि पडद्यावरची बाई ते गाणं म्हणू लागली. चार ओळींचं असेल, अंगाईसारखं. भाषा रुहीलाही कळत नव्हती.

मालिनी दाराशी उभी होती. तिला सासूबाईंचा चेहरा दिसत नव्हता, फक्त साडीच्या काठाखालचा आपलाच धावायचा बूट दिसत होता. तो बूट ठेका धरत होता. अगदी हलके, जमिनीला लागे न लागेसा, पण चुकत नव्हता.

"पट्टी खालची लावली आहे," शैलजाबाई रुहीला म्हणाल्या. "पण सूर खरा आहे हो."

मालिनीने त्याच क्षणी बाजू बदलली. विनयला हे कधी सांगायचं एवढंच ठरवायचं राहिलं.

*

स्मारकाच्या वरच्या अंगाला, बंदराकडे तोंड करून, एक दगडांची बाग आहे. माणसाच्या उंचीच्या मोठमोठ्या धोंड्यांना भोक पाडून त्यात ओकची रोपटी लावलेली. दगडाच्या आतूनच झाड वर येतं. एप्रिलची पालवी नुकती फुटत होती. समोर पाणी, पाण्यापलीकडे हातात दिवा धरलेली ती उंच बाई, आणि वारा असा की लतिकाने विनयच्या पाठीचा आडोसा घेतला.

शैलजाबाई प्रत्येक धोंड्याला हात लावून फिरल्या. एका धोंड्याच्या खांद्यावर लहान लहान खडे मांडलेले होते. पांढरे, काळे, एक विटकरी. त्यांनी पदर डोक्यावर घेतला, नमस्कार केला, आणि त्यातला एक उचलून रुमालात बांधला.

यात त्यांना वावगं काहीच वाटलं नाही. अलिबागच्या घरी देवघरात तांब्याचं एक घंगाळ होतं, आणि त्यात नर्मदेपासून गिरनारपर्यंत जिथं जिथं त्यांचं डोकं टेकलं तिथला एकेक खडा होता. तीर्थाहून येताना पेढे विकत मिळतात, खडा उचलून आणावा लागतो. रोज अंघोळीनंतर त्या त्यावर पाणी घालत, आणि पाणी घालताना सगळी तीर्थं पुन्हा होत. विष्णुपंत गेल्यापासून त्यांनी एकही खडा आणला नव्हता. उचलावासाच वाटला नव्हता. आज वाटला.

*

दुपारी नदीकाठच्या बाकावर जेवायला बसले तेव्हा साडेतीन वाजून गेले होते. दशम्या, शेंगदाण्याची चटणी, मालिनीने केलेली कोशिंबीर आणि लतिकाने नोव्हायहून विमानातून आणलेलं लिंबाचं लोणचं, जे तिच्या मते घरच्या लोणच्यापेक्षा सरस होतं आणि मालिनीच्या मते तिखट कमी होतं. आतलं सगळं मनात होतंच. तरी उन्हात बसून जेवताना माणसं पुन्हा माणसांसारखी बोलू लागली. लतिकाने रेवदंड्याच्या मामांची नक्कल केली. विनय इतका हसला की त्याला ठसका लागला.

मग लतिकाने विषय काढला. दोनच तास उरले, म्हणाली, शंतनूला काय सांगायचं. विनय म्हणाला, नाही सांगायचं, त्यात काय आहे. आणि नेहमी त्याच्या बाजूने मान हलवणारी मालिनी म्हणाली, की बॅगेत चिपळ्या आहेत.

लतिकाने चटणीचा डबा खाली ठेवला.

"मी स्वतः पाहिल्यात," मालिनी म्हणाली. "पंच्यात गुंडाळून आणल्यात. आणि आज त्या बाईंच्या गाण्याला आई ठेका धरत होत्या."

लतिका विजयी मुद्रेने भावाकडे वळली. विनयला बायकोने भर दुपारी पक्षांतर केल्याचा धक्का पचेना. तो काहीतरी तोडून बोलणार, तेवढ्यात शैलजाबाईंनी हात पुसायला रुमाल काढला. गाठ सुटली आणि खडा बाकावर पडला. टक्क असा आवाज झाला.

कबुतराच्या अंड्याएवढा पांढरा खडा होता. त्याच्या खालच्या अंगाला निळ्या शाईने, अगदी बारीक अक्षरात, काहीतरी लिहिलेलं होतं. उचलताना ते शैलजाबाईंना दिसलं नव्हतं.

रुहीने उचलून वाचलं. एका बाईचं नाव होतं, आणि खाली, फ्रॉम युअर सिस्टर.

"आजी," ती म्हणाली, आणि तिचा आवाज बदलला होता. "हे कुठून घेतलंस?"

शैलजाबाईंनी सांगितलं. रुहीने कपाळाला हात लावला. मग एका दमात, अर्धं मराठीत अर्धं इंग्रजीत, तिने समजावलं. की ज्यू लोक मेलेल्यांना फुलं वाहत नाहीत, निदान बरेचसे नाही वाहत, ते खडा ठेवतात. खडा म्हणजे, मी आले होते, तुला विसरले नाही. हा कोणीतरी कोणासाठी ठेवलेला आहे. यू डोन्ट टेक इट, आजी. नोबडी टेक्स इट.

लतिका म्हणाली, तिथं किती तरी खडे होते, एकाने काय बिघडतं, आणि आईने काही वाईट हेतूने घेतला नाही. विनय म्हणाला, खरंय, आता पुन्हा ती रांग, तो जिना, आईला दगदग नको. तासाभरात ते बंद होईल. कीर्तनावरून आठवडाभर भांडलेली ती दोघं बहीणभावंडं आता एका सुरात बोलत होती, आणि समोर मालिनी आणि रुही, आई-मुलगी, परत द्यायलाच हवा म्हणून उभ्या.

शैलजाबाईंनी कोणाचंच ऐकलं नाही. त्यांनी खडा घेतला, निळ्या अक्षरांवरून अंगठा फिरवला, आणि धावायच्या बुटांची नाडी घट्ट केली.

"एका बहिणीने दुसरीला दिलेलं मी माझ्या देवघरात नेत होते," त्या म्हणाल्या. "चला."

*

गार्डने त्यांना लांबूनच पाहिलं आणि टेबलावरचा नारळ उचलून धरला. तुम्ही विसरलात, मला माहीत होतं तुम्ही याल, असं तो मोठ्या आनंदाने म्हणाला. नारळ खरोखरच सगळे विसरले होते. रुहीने पुढं होऊन हळू आवाजात त्याला खड्याचं सांगितलं. त्याने शैलजाबाईंच्या उघड्या तळव्याकडे पाहिलं. हसू गेलं नाही, पण शांत झालं. वरची बाग अजून वीस मिनिटं उघडी आहे, म्हणाला, सावकाश जा, नारळ मी आणखी थोडा वेळ सांभाळतो.

बागेत आता कोणी नव्हतं. विनय आईबरोबर पुढं गेला, बाकीच्या तिघी दाराशी थांबल्या. कोणी कोणाला थांबा म्हटलं नव्हतं.

शैलजाबाईंनी बरोबर तोच धोंडा शोधला. खड्यांच्या ओळीत एक फट राहिली होती. त्यांनी खडा तिथं ठेवला, अक्षरं वरच्या बाजूला येतील असा फिरवला, आणि हात जोडून म्हणाल्या, बाई गं, चूक झाली. मराठीतच म्हणाल्या. रिबकामावशींशी त्या मराठीतच बोलत असत.

विनय त्यांच्या मागं उभा होता. तीन वर्षं त्याने एक गोष्ट कोणालाच सांगितली नव्हती, मालिनीलासुद्धा नाही. त्या दिवशी सकाळी साडेआठला तो ग्रोव्ह स्ट्रीटच्या फलाटावर उभा होता. अलिबागहून शेजाऱ्यांचा फोन आला की बाबा गेले, बसल्या बसल्या गेले. तिकडे संध्याकाळचे सहा. बाबांना दोन दिवस कणकण होती म्हणून आई दुसरा पेटीवाला घेऊन नागावच्या देवळात कीर्तनाला गेली होती, नुकतीच उभी राहिली होती. आता देवळात कोणाला तरी निरोप द्यायचा आणि तिला थांबवायचं. त्याने देवळाच्या व्यवस्थापकांना फोन लावला.

"आई," तो म्हणाला. "नागावला त्या दिवशी फोन मी केला होता. आरती होईपर्यंत तिला सांगू नका असं मीच म्हणालो. दीड तास तू गात होतीस आणि घरी बाबा..." त्याने खड्यांच्या ओळीकडे पाहिलं. "तू पुन्हा उभी राहिलीस की मला तो दीड तास दिसेल. म्हणून मी नको म्हणतो. तुझ्या बीपीसाठी नाही."

शैलजाबाई धोंड्याकडेच पाहत होत्या.

"ठाऊक आहे मला," त्या म्हणाल्या. "त्याच दिवशी व्यवस्थापकांनी सांगितलं."

"मग तू कधी बोलली का नाहीस?"

"तू सांगशील म्हणून वाट बघत होते."

"तीन वर्षं?"

"तुला लहानपणापासून कुठलीही गोष्ट सांगायला वेळच लागतो," त्या म्हणाल्या. मग वळल्या, आणि आपल्या पन्नाशीच्या मुलाच्या कोटाची वरची गुंडी लावू लागल्या. "हे बघ विनय. गादीवर उभं राहिलं की आरती होईपर्यंत गादी सोडायची नाही. हे तुला कोणी शिकवलं?"

"बाबांनी."

"मग? तू त्यांचंच ऐकलंस. तुझ्यावर कधीच राग नव्हता माझा. मला वाटायचं, हे जात होते आणि मी गात होते, तेव्हा या गळ्यालाच काही हक्क उरला नाही. आज त्या बाईला ऐकलं. तिच्यापुढं माझं दुःख बोलून दाखवायच्यासुद्धा लायकीचं नाही. आणि ती दर मंगळवारी जाते, आईचं गाणं म्हणते."

वाऱ्याने हूडीची टोपी त्यांच्या डोक्यावर उडवली. त्यांनी ती मागं सारली नाही.

"रिबकामावशींच्या पडवीत," त्या म्हणाल्या, "मी आयुष्यातलं पहिलं कीर्तन ऐकलं. सात वर्षांची होते. त्यांचे सासरे उभे राहिले होते, डोक्याला काळी टोपी, हातात झांज. आख्यान योसेफाचं. सख्ख्या भावांनी विहिरीत टाकलं, परदेशात विकलं, आणि पुढं दुष्काळात तेच भाऊ त्याच्या दारी धान्य मागायला आले तेव्हा त्याने त्यांना पोटाशी धरलं. सगळी आळी रडत होती, आणि मी घरी येऊन आईला म्हटलं, मला असं उभं राहायचंय. पंचेचाळीस वर्षं रामाची, कृष्णाची, भक्तांची आख्यानं केली. ज्याने मला उभं केलं ते आख्यान एकदाही केलं नाही."

विनयने डोळे पुसले आणि खाली वाकून एक खडा शोधू लागला. फरशी स्वच्छ झाडलेली होती, एकही मिळेना. शेवटी रुही धावत आली आणि हूडीच्या खिशात बघा म्हणाली. खिशात गेल्या उन्हाळ्यात समुद्रावर गोळा केलेला एक तपकिरी खडा निघाला. विनयने तो धोंड्याच्या पायथ्याशी, खड्यांच्या रांगेपासून जरा दूर, ठेवला. बाबांचं नाव त्याने मोठ्याने घेतलं नाही, पण लतिका आता त्याच्या शेजारी येऊन उभी होती आणि तिने ते ऐकलं. आधीचं सगळं वाऱ्याने दारापर्यंत नेलंच होतं.

"दादा," ती म्हणाली, "हे तू एकट्याने का ठेवलंस रे एवढी वर्षं? मला फोन करायचास." मग आणखी म्हणाली, "अर्थात मी ओरडले असते."

"म्हणूनच नाही केला," विनय म्हणाला.

*

शंतनूचा फोन सहाच्या आत, सव्वापाचलाच आला. त्या वेळी सगळे दाराशी होते आणि गार्ड शैलजाबाईंच्या हातात नारळ देत होता. फोन मालिनीने घेतला, कारण आता तीच आघाडीवर होती. हो, उभ्या राहतायत, म्हणाली. पलीकडून आनंदाचा आवाज सगळ्यांना ऐकू आला. मग त्याने आख्यान कुठलं ते विचारलं, तिने योसेफाचं सांगितलं, आणि त्याने ते नाव दोनदा विचारून लिहून घेतलं. शेवटी शंतनूने विचारलं, की काकूंना विचारा, कैरीची डाळ त्यानंतर की आधी?

"नंतर," शैलजाबाई म्हणाल्या. "रडून झालं की भूक लागते."

मग शंतनूने शेवटचा प्रश्न विचारला. पेटीवर कोण? टेक्सासहून एक जण बोलावता येईल, पण विमान, राहणं, सगळं आजच ठरवायला हवं.

कीर्तनकाराने साथीदाराला बोलवायचं ते नारळ हातात देऊन, ही चाल शैलजाबाईंच्या घरात पिढ्यांची होती. विष्णुपंतांनाही त्यांनी पहिल्यांदा तसंच बोलावलं होतं, लग्नाच्याही आधी. त्यांनी पदराने नारळ पुसला आणि विनयपुढं धरला.

विनय दोन पावलं मागं सरकला. आई, मी नववीत सोडली पेटी, म्हणाला. पस्तीस वर्षांत हात लावला नाही. घरात पेटीच नाही.

"माझ्या फोनवर ॲप आहे," रुही म्हणाली.

मालिनी म्हणाली की एडिसनला एका काकांकडे खरी पेटी आहे, उद्याच आणता येईल. लतिका म्हणाली की तिचं परतीचं विमान ती दोन आठवडे पुढं ढकलते, कारण हे चुकवायला ती काही वेडी नाही. चौघी त्याच्याकडे पाहत होत्या. गार्डही पाहत होता. त्याला यातलं अक्षरही कळत नव्हतं, पण नारळ कोणी तरी घ्यायला हवा एवढं त्याला कळलं होतं. त्याने विनयला मान हलवून खूण केली, की घे ना बाबा.

विनयने दोन्ही हात पुढं केले.

परतीच्या ट्रेनमध्ये गर्दी नव्हती. रुही समोरच्या सीटवर फोनवर काहीतरी भराभर टाइप करत होती. दोन पानं केव्हाच ओलांडली होती. लतिका आणि मालिनी, लोणच्यात तिखट किती, यावर आता मैत्रीपूर्ण वाद घालत होत्या. शैलजाबाई डोळे मिटून बसल्या होत्या. गाडी नदीखालच्या बोगद्यात शिरली.

विनयच्या मांडीवर नारळ होता. त्याचा डावा हात शेंडीशी होता, भाता ओढल्यासारखा थोडा मागं, थोडा पुढं. उजव्या हाताची बोटं करवंटीवर चालत होती, थांबत होती, पुन्हा शोधत होती.

"पंचम जरा पुढं आहे," शैलजाबाई डोळे न उघडता म्हणाल्या.

त्याने बोट पुढं सरकवलं.